आलिमान्या, लांडगा आणि फेलिक्स यांचा आवाज

२०१३ सालच्या हिवाळ्यात मी नोकरीनिमित्त माद्रिदला राहायला गेले, तेव्हा मला स्पॅनिश वाचता येत होते, बऱ्यापैकी लिहिताही येत होते आणि पुण्यात दिलेल्या परीक्षांची प्रमाणपत्रे बॅगेत होती. पण समोरचे माणूस बोलू लागले की चौथ्या-पाचव्या शब्दानंतर सगळे एकमेकांत मिसळून जात असे. बातम्या देणारे निवेदक, मेट्रोतल्या सूचना, मंडईतली मासेवाली, सारे जण एकाच न तुटणाऱ्या श्वासात बोलत आहेत असे वाटे. ज्यांच्या घरात मी खोली भाड्याने घेतली होती त्या घरमालकीणबाई सत्तरी ओलांडलेल्या होत्या. मी रोज रात्री बातम्यांसमोर कपाळाला आठ्या घालून बसते हे त्यांनी आठवडाभर पाहिले आणि एके दिवशी म्हणाल्या, ‘‘इहा, हे बंद कर. तू फेलिक्सला ऐक.’’ ‘इहा’ म्हणजे मुली, पोरी. त्यांच्या गावाकडे कुठल्याही लहान बाईला तसेच हाकारतात. फेलिक्स कोण, हे सांगण्याची गरज त्यांना वाटली नाही. त्यांच्या पिढीच्या स्पॅनिश माणसाला त्या नावापुढे आडनाव लावावे लागत नाही.

पूर्ण नाव फेलिक्स रोद्रीगेस दे ला फुएन्ते, वन्य प्राण्यांवरच्या मालिका करणारे निवेदक. स्पेनच्या सरकारी दूरचित्रवाणीने त्यांची ‘एल ओम्ब्रे इ ला तिएरा’ ही मालिका आपल्या संग्रहातून इंटरनेटवर खुली केलेली होती. या नावाचा अर्थ ‘माणूस आणि भूमी’. ढोल, शीळ आणि माणसांचे आदिम हुंकार यांतून अंतोन गार्सिया आब्रिल यांनी रचलेले तिचे शीर्षकसंगीत सुरू झाले, तशा घरमालकीणबाई स्वयंपाकघरातून हात पुसत बाहेर आल्या आणि माझ्या शेजारी बसल्या. पडद्यावर पहाटेचे धुके होते, एक दरी होती आणि दरीच्या काठावर एक लांडगा उभा होता. मग आवाज आला. खर्जातला, किंचित घोगरा, प्रत्येक महत्त्वाच्या शब्दावर पाय रोवून उभा राहणारा आवाज. वाक्य लांब होते, त्यात विशेषणांमागून विशेषणे येत होती, पण प्रत्येक विशेषणाला त्याची जागा होती आणि दोन विशेषणांच्या मध्ये श्वास होता. ते पहिले वाक्य मला पहिल्या शब्दापासून शेवटच्या शब्दापर्यंत समजले. परक्या देशात तीन आठवडे बहिरेपणाने काढल्यानंतर असे एक वाक्य समजणे म्हणजे काय, ते ज्याने अनुभवले आहे त्यालाच कळेल.

त्यानंतर तीन वर्षे मी त्या आवाजाच्या सोबतीने राहिले. आपल्याकडे रात्रीच्या कीर्तनात एखादे बुवा अभंगाच्या एकाच चरणावर थांबतात, तो शब्द उलटून-पालटून दाखवतात, आवाज खाली नेतात आणि मग अचानक वर उचलतात, आणि देवळाच्या शेवटच्या खांबाला टेकून बसलेली म्हातारीदेखील त्या शब्दाबरोबर वर उचलली जाते. फेलिक्स यांचे निवेदन त्या जातीचे होते. फरक इतकाच की त्यांचा चरण म्हणजे एखाद्या पाणमांजराची डुबकी असे, किंवा घुबडाचे पंख मिटणे असे. दूरचित्रवाणी हे चित्राचे माध्यम आहे असे आपण सहज म्हणून जातो. या माणसाची सगळी कारकीर्द मात्र मला कानांनी घडवलेली दिसते, आणि तिने स्पॅनिश भाषेतील एका शब्दाचे जे केले, त्याबद्दल मला हे लिहायचे आहे.

तो शब्द म्हणजे ‘आलिमान्या’. शब्दकोशात त्याचा अर्थ उपद्रवी प्राणी असा मिळेल, पण गावाकडच्या बोलण्यात त्यात उपद्रवाच्या बरोबरीने किळस आणि वैर मिसळलेले होते. लांडगा आलिमान्या, कोल्हा आलिमान्या, गरुड आलिमान्या, घुबड, रानमांजर, लिंक्स हेही त्याच टोपलीत. मला हा शब्द पुढे व्युत्पत्तीच्या अंगाने तपासावासा वाटला, तेव्हा कळले की तो लॅटिनमधल्या ‘अनिमालिया’ या शब्दापासून आला आहे, आणि त्याचा मूळ अर्थ नुसता ‘प्राणी’ एवढाच आहे. म्हणजे ज्यांच्यात प्राण आहे त्यांचे साधे नाव शतकानुशतके घासले जाऊन शिवीच्या रूपाला आले. यात स्पॅनिश माणसांना नावे ठेवण्याचे कारण नाही. आपला ‘जनावर’ हा फारसीतून आलेला शब्दही मुळात ‘जीव असलेला’ एवढेच सांगतो, आणि आपण तो माणसाला कधी उद्देशून वापरतो हे आपल्याला ठाऊक आहे. ‘लांडगेतोड’ हा शब्द तर आपण माणसांच्या क्रौर्यासाठी वापरतो आणि नाव मात्र लांडग्याचे घेतो.

स्पेनमध्ये हा शब्द बोलीपुरता उरला नव्हता. तो सरकारी दप्तरात होता. १९५३ मध्ये हुकूमशहा फ्रँकोच्या राजवटीने अपायकारक प्राण्यांचे निर्मूलन करण्यासाठी प्रांतोप्रांती मंडळे स्थापन केली आणि मारलेल्या प्रत्येक जनावरामागे बक्षीस लावले. विष, सापळे, फासे यांचा वापर करून पोट भरणारी माणसे होती आणि त्यांच्या धंद्यालाच ‘आलिमान्येरो’ असे नाव होते. आमच्या घरमालकीणबाई बुर्गोस प्रांताच्या उत्तरेकडच्या एका गावात वाढलेल्या. लहानपणी गावात ‘लोबेरो’ म्हणजे लांडगे मारणारा माणूस यायचा, त्याची आठवण त्यांनी मला सांगितली. पेंढा भरलेले लांडग्याचे कातडे गाढवावर घालून तो दारोदार फिरे, आणि ज्यांच्याकडे मेंढ्या असत ते त्याला अंडी, चोरिसो, कधी एखादे नाणे देत. पोरे कातड्याला दगड मारत. ‘‘मीसुद्धा मारला,’’ त्या म्हणाल्या, ‘‘आणि मला फार आनंद झाला होता.’’ हे सांगताना त्यांनी माझ्याकडे पाहिले नाही.

फेलिक्सही त्याच प्रांतातले. १४ मार्च १९२८ रोजी पोसा दे ला साल या गावी त्यांचा जन्म झाला. नावातला ‘साल’ म्हणजे मीठ. रोमन काळापासून तिथे मिठागरे आहेत, वर उघडा, वाऱ्याने झोडपलेला माळ आहे आणि कड्यावर एक जुना किल्ला आहे. वडील नोटरी होते, पुस्तकांत रमणारे, आणि मुलाला फार लवकर शाळेच्या बाकावर बसवू नये अशा मताचे. पुढे यादवी युद्धही आले. त्यामुळे वयाच्या दहाव्या वर्षांपर्यंत हा मुलगा घरी शिकला आणि उरलेला सगळा वेळ माळावर, मेंढपाळांच्या मागे हिंडला. नंतर व्हिटोरियाच्या वसतिगृहात त्याला कोंडल्यासारखे झाले, असे ते पुढे सांगत. चरित्रकार अशा बालपणाचे फार गोडवे गातात. मला त्यातली एकच गोष्ट महत्त्वाची वाटते: त्यांना प्राण्यांची नावे पुस्तकातून कळण्याआधी मेंढपाळांच्या तोंडून कळली, आणि मेंढपाळांचा राग काय असतो हेही त्यांना आतून माहीत होते. शहरात वाढून, चित्रे पाहून लांडग्याच्या प्रेमात पडलेला माणूस त्या खेड्यांतून कुणी ऐकून घेतला नसता.

वायादोलिद येथे ते वैद्यकशास्त्र शिकले, नंतर माद्रिदमध्ये दंतवैद्यकाचा विशेष अभ्यास केला आणि थोडा काळ व्यवसायही केला. पण मन ससाण्यांत होते. वायादोलिदला त्यांची गाठ होसे आंतोनियो वाल्वेर्दे या तरुण निसर्ग अभ्यासकाशी पडली, ज्यांनी पुढे दक्षिण स्पेनमधल्या दोन्याना येथील जैविक संशोधन केंद्र उभे केले. शिकारी पक्षी पाळून त्यांच्याकरवी शिकार करण्याची कला स्पेनमध्ये जवळजवळ मरून गेली होती. गुरू उरले नव्हते. फेलिक्स यांनी चौदाव्या शतकातील कास्तिलियन, म्हणजे स्पॅनिश भाषेच्या मूळ मुलखातल्या, सरदारांनी लिहून ठेवलेले ग्रंथ शोधून काढले आणि सहाशे वर्षांपूर्वीच्या त्या गद्यावरून स्वतः पक्षी शिकवले. त्यांच्या बोलण्यातली ती जुनी, भारदस्त कास्तिलियन लय तिथून आली असावी असे मला वाटते. १९६५ मध्ये या कलेवरचा त्यांचा स्वतःचा ग्रंथ प्रसिद्ध झाला.

इथे एका शब्दापाशी मला थांबलेच पाहिजे, कारण तो शब्द मला माझ्या घरी घेऊन आला. माद्रिदजवळच्या तोर्रेहोनच्या विमानतळावर धावपट्टीवर बसणारे पक्षी विमानांच्या इंजिनांत जात. त्यांना हुसकण्यासाठी फेलिक्स यांनी शिकवलेले ससाणे वापरले आणि त्या मोहिमेचे नाव होते ‘बाआरी’, लिहिताना मध्ये एक अनुच्चारित ‘ह’ असलेले: ‘बहारी’. ससाण्यासाठीचा हा जुना स्पॅनिश शब्द अरबीतल्या ‘बह्री’वरून आला, बह्री म्हणजे समुद्राकडचा. मी तो वाचला आणि मला माझ्या वडिलांचा आवाज ऐकू आला. सिंहगडाच्या कल्याण दरवाजाकडून खाली उतरताना त्यांनी कड्यावरून सुटलेला एक पक्षी दाखवून म्हटले होते, ‘‘तो बहिरी ससाणा.’’ हा पक्षी बहिरा का, असे मी विचारले होते आणि त्यांनाही सांगता आले नव्हते. तो बहिरा नाहीच. अरब दर्यावर्दी आणि बाजदारांच्या तोंडचा एकच शब्द एका दिशेने दक्षिण स्पेनमधल्या अंदालुसियातून कास्तिलियनमध्ये गेला आणि दुसऱ्या दिशेने फारसीतून मराठीत आला, आणि दोन्हीकडे त्याच पक्ष्याच्या अंगावर बसला. वडील तेव्हा हयात नव्हते. तीस वर्षांनी मिळालेले ते उत्तर मी त्या रात्री घरमालकीणबाईंना सांगितले.

१९६४ मध्ये दूरचित्रवाणीच्या एका शनिवार-रविवारच्या कार्यक्रमात फेलिक्स यांना मुलाखतीसाठी बोलावले गेले. ते हातावर ससाणा घेऊन स्टुडिओत आले. ठरलेली मिनिटे होती ती मोजकीच. पण त्यानंतर ‘त्या ससाणेवाल्या गृहस्थांना परत बोलवा’ अशा पत्रांची रीघ लागली आणि त्यांना नियमित जागा मिळाली. तेव्हा स्पेनमध्ये दूरचित्रवाणी म्हणजे सरकारचीच; आपल्याकडे ऐंशीच्या दशकात सगळा वाडा एका घरात दूरदर्शनसमोर बसत असे, तसा अख्खा देश एकाच पडद्यासमोर बसत होता. त्या पडद्यावर राजवटीच्या समारंभांच्या मधोमध एक माणूस येऊन लोकांना सांगू लागला की तुमच्या गावामागच्या कड्यात राहणारा पक्षी हा चोर नाही. फेलिक्स राजवटीशी भांडले नाहीत, हे खरे आहे. सत्तरच्या दशकाआधी त्या देशात जे करायचे ते सरकारी दारे ठोठावूनच करावे लागे, आणि त्यांनी ती चिकाटीने ठोठावली. १९६६ मध्ये शिकारी पक्ष्यांना कायद्याचे संरक्षण मिळाले; १९६८ मध्ये ‘आदेना’ ही निसर्गरक्षण संस्था उभी राहिली, तिच्या संस्थापकांत ते होते; १९७० च्या शिकार कायद्याने लांडगा आलिमान्यांच्या यादीतून निघून शिकारयोग्य प्राण्यांच्या यादीत आला. आज हे वाचताना ‘शिकारयोग्य’ या शब्दाने दचकायला होते. पण विष घालून केव्हाही, कुठेही, पिल्लांसकट मारण्याची मुभा असणे आणि मोसमाची, संख्येची मर्यादा असणे, यांत त्या वेळच्या लांडग्यासाठी जगण्या-मरण्याचा फरक होता.

दरम्यान ‘फाउना’ आणि ‘प्लानेता आसुल’ या मालिका झाल्या, साप्ताहिक भागांतून प्रसिद्ध होणारा अकरा खंडांचा प्राणीकोश झाला, ज्याच्या संपादनात मिगेल देलिबेस दे कास्त्रो यांच्यासारखे तेव्हाचे तरुण जीवशास्त्रज्ञ होते. १९७३ पासून आकाशवाणीवर साप्ताहिक कार्यक्रमही सुरू झाला. तो मी पुष्कळ ऐकला आहे. चित्र नसताना हा माणूस अधिक खुलतो. अंधारात बसून तो तुम्हाला अश्मयुगातल्या शेकोटीजवळ नेतो आणि तिथे पहिला लांडगा माणसाच्या उजेडाच्या कडेला येऊन कसा बसला असेल ते सांगतो.

‘एल ओम्ब्रे इ ला तिएरा’ १९७४ च्या मार्चमध्ये सुरू झाली आणि तिचे १२४ भाग झाले. आरंभीचे भाग वेनेझुएलातले, ओरिनोको नदीच्या खोऱ्यातले आणि यानोस या पाणथळ गवताळ सपाटीवरचे. तिथे फेलिक्स गुडघाभर चिखलात उतरून ॲनाकोंडाशी झटतात, आणि माझ्या मते ते सगळ्या मालिकेतले सर्वांत कमी महत्त्वाचे भाग आहेत. खरे काम त्यानंतरच्या इबेरियन, म्हणजे स्पेन-पोर्तुगालच्या द्वीपकल्पातल्या, भागांत आहे. चित्रपटगृहांसाठी वापरतात त्या ३५ मिलिमीटर फितीवर, महिनोन्‌महिने कड्यांत आणि ओढ्यांत मुक्काम करून, त्यांच्या पथकाने आपल्याच देशातले प्राणी चित्रित केले. तोवर स्पॅनिश प्रेक्षकाला दूरचित्रवाणीवरचा वन्य प्राणी म्हणजे आफ्रिकेतला सिंह आणि हत्ती. फेलिक्स यांनी त्याला त्याच्या फळबागेतला ‘लिरोन’ दाखवला. डोळ्यांभोवती काळी पट्टी असलेला, मुठीएवढा, उंदरासारखा जीव. जणू बुरखा घातलेला दरोडेखोर. त्याचे रात्रीचे उद्योग त्यांनी अशा थाटात सांगितले की आमच्या घरमालकीणबाईंच्या मुलांनी पुढे माळ्यावरचे सापळे काढून टाकायला लावले.

पांढऱ्या गिधाडाचा भाग मी सर्वांत जास्त वेळा पाहिला आहे. हा पक्षी आपल्याकडेही आहे. गावाबाहेरच्या उकिरड्यावर दिसणारा, पिवळ्या तोंडाचा, मळकट पांढरा पक्षी. तो चोचीत दगड घेऊन शहामृगाचे अंडे फोडतो, हे आफ्रिकेत पाहिले गेले होते. स्पेनमध्ये शहामृग नाहीत. मग तिथल्या गिधाडाला हे ज्ञान असेल का, असा प्रश्न फेलिक्स यांना पडला आणि त्यांनी स्पॅनिश कड्याखाली शहामृगाचे अंडे ठेवले. गिधाड येते, अंड्याभोवती फिरते, चोच मारून पाहते, निघून जाते आणि दगड घेऊन परत येते. मान मागे नेऊन तो दगड जेव्हा अंड्यावर आदळतो, तेव्हा निवेदक गप्प आहेत. इतके बोलणारा माणूस तिथे काही सेकंद एक शब्दही उच्चारत नाही. मला वाटते, आवाजावर ज्याची हुकमत आहे त्यालाच असे थांबता येते. उकिरड्यावरच्या त्या पक्ष्याकडे मी पुण्याला परतल्यावर पहिल्यांदा नीट पाहिले.

आणि लांडगे. १९६५ च्या सुमारास एका गावात मारून टाकण्यासाठी धरलेली दोन पिल्ले फेलिक्स यांनी मागून घेतली, घरी वाढवली आणि त्यांची नावे सिबिला आणि रेमो अशी ठेवली. पुढे त्यांनी अख्खा कळपच वाढवला. नवजात पिल्लू डोळे उघडताना ज्याच्या सहवासात असते त्याला ते आयुष्यभर आपले मानते, हे कोन्राड लोरेन्झ यांनी दाखवून दिले होते. त्या तत्त्वावर फेलिक्स कळपातले एक झाले. माद्रिदच्या ईशान्येला सिग्वेन्साजवळ पेलेग्रीना नावाचे छोटे गाव आहे. त्याच्या पायथ्याशी दुल्से नदीने कोरलेली खोल घळ आहे आणि इबेरियन भागांतील लांडग्यांची बरीचशी दृश्ये तिथली आहेत. बर्फावर लांडगे धावत येतात, पुढचे पाय या माणसाच्या खांद्यावर ठेवतात आणि त्याचे तोंड चाटतात, हे दृश्य ज्यांनी लोबेरोच्या गाढवावरच्या कातड्याला दगड मारले होते त्यांनी स्वतःच्या घरात बसून पाहिले. ‘लांडगा आला रे आला’ ही गोष्ट त्यांच्याकडेही आहे, त्यातल्या पोराचे नाव पेद्रो. आमच्या घरमालकीणबाई म्हणाल्या की त्या रात्री त्यांच्या सासऱ्यांनी, जे जन्मभर मेंढ्यांमागे राहिले, एवढेच म्हटले: ‘‘त्याचे डोळे आपल्या कुत्र्यासारखे आहेत.’’

आता जे लिहायचे आहे ते टाळता आले असते तर मी टाळले असते. सोनेरी गरुड कड्यावरून एक कोवळे जनावर नखांत उचलून नेतो, ते या मालिकेतले सर्वांत गाजलेले दृश्य आहे, आणि ते दृश्य रचलेले आहे. गरुड शिकवलेला होता आणि भक्ष्य तिथे आणून ठेवलेले होते. लांडग्यांच्या शिकारीची कित्येक दृश्येही कुंपणात वाढलेल्या लांडग्यांची आहेत. हे मला दुसऱ्या वर्षी कळले आणि मी काही आठवडे मालिका पाहू शकले नाही. ज्याच्या शब्दावर मी भाषा शिकले त्याने मला फसवले, अशी माझी भावना झाली होती. नंतर मी अधिक वाचले, विचारले. फेलिक्स आपल्या पाळलेल्या लांडग्यांविषयी उघडपणे बोलत. त्यांना माणसाळवले कसे, याचेच त्यांनी भाग केले. त्या काळच्या जड कॅमेऱ्यांनी, विषाला आणि बंदुकीला घाबरून माणसाच्या वाऱ्यालाही न थांबणाऱ्या रानातल्या लांडग्याचे जवळून चित्रण होणे जवळपास अशक्य होते. आणि पडद्यावर जे वर्तन दिसते ते लांडग्याचेच आहे. ते कुणी त्याला शिकवलेले नाही.

हे सगळे मला मान्य आहे. तरीही माझ्या मनात दोन गोष्टींचा हिशेब वेगळा राहिला आहे. लांडग्यांच्या बाबतीत मी त्यांच्या बाजूची आहे. त्या पाळलेल्या कळपाने न पाहिलेल्या शेकडो कळपांसाठी साक्ष दिली, आणि ती साक्ष खोटी नव्हती. पण कड्यावर आणून ठेवलेल्या त्या कोवळ्या जनावराच्या बाजूने मात्र कुणीच बोलले नाही. त्याला पळायला वाट नव्हती. निसर्गात मरण आहे हे दाखवण्यासाठी एक मरण मागवून घेणे, हे प्राण्यांवर इतके प्रेम करणाऱ्या माणसाने करायला नको होते. किंवा केलेच तर प्रत्येक वेळी त्याच आवाजात, तितक्याच ठाशीवपणे सांगायला हवे होते की हे आम्ही घडवून आणले आहे. ज्या प्रेक्षकाने तुमच्या शब्दाखातर घरातले सापळे काढले, त्याचा तेवढा अधिकार होता. मी हे घरमालकीणबाईंना म्हटले तेव्हा त्या बराच वेळ गप्प राहिल्या. मग म्हणाल्या, ‘‘आम्ही खेड्यातली माणसे, इहा. दोर कुठे बांधला आहे ते आम्हाला तेव्हाही दिसत होते.’’ त्यांचे हे उत्तर मला अजून पुरते पेललेले नाही.

१४ मार्च १९८० रोजी, बावन्नाव्या वाढदिवशी, अलास्कातील शाक्तूलिकजवळ कुत्र्यांच्या गाड्यांची इडिटारोड शर्यत वरून चित्रित करत असताना त्यांचे छोटे विमान कोसळले. त्यांच्याबरोबर कॅमेरामन तेओदोरो रोआ, साहाय्यक आल्बेर्तो मारियानो उएस्कार आणि वैमानिक वॉरन डॉब्सन हेही गेले. ही तीन नावे प्रत्येक वेळी लिहिली जावीत असे मला वाटते, कारण ज्या चित्रांवर तो आवाज उभा होता ती चित्रे रोआ यांच्यासारख्या माणसांनी थंडीत बोटे गोठवून घेतलेली होती. घरमालकीणबाईंच्या धाकट्या मुलीचे वय तेव्हा आठ वर्षे होते. बातमी आली तेव्हा ती जेवणाच्या टेबलाखाली जाऊन बसली आणि रात्री तिथेच झोपली. त्याच वर्षी मुलांसाठी फेलिक्स यांच्यावर एक गाणे निघाले आणि ते सगळ्या शाळांतून गायले गेले. ती मुलगी आज पशुवैद्य आहे आणि ते गाणे लागले की खोलीतून उठून जाते.

स्पेन सोडण्याआधी आम्ही दोघी पेलेग्रीनाला जाऊन आलो. घळीच्या वर रस्त्याच्या कडेला फेलिक्स यांच्या नावाचे सज्जासारखे ठिकाण केले आहे, तिथून खालची नदी, पलीकडचा कडा आणि कड्यांतून सुटणारी गिधाडे दिसतात. खाली नदीकाठी, पथक आपले सामान ठेवत असे ती दगडी खोपी अजून उभी आहे. घरमालकीणबाईंचे गुडघे दुखत असल्याने त्या वरच थांबल्या. मी खाली उतरले. खोपीच्या भिंतीला हात लावला. आत काहीच नव्हते. ओलसर मातीचा वास होता आणि वर पंखांचा आवाज होता, कारण गिधाड डोक्यावरून फार जवळून गेले की त्याच्या पिसांतून वारा वाजतो. मालिकेत हा आवाज मी ऐकलेला नव्हता. तिथे नेहमी फेलिक्स बोलत असत.

पुण्याला परतल्यावर मी सासवडकडच्या माळांवर काही पहाटा घालवल्या आहेत. आपला लांडगा त्यांच्या लांडग्याहून अंगाने लहान, रंगाने मातकट. गवतात बसला तर दिसत नाही. कायद्याने त्याला वाघाइतकेच संरक्षण आहे आणि तरी त्याचे माळ दर वर्षी भूखंडांत विकले जात आहेत. धनगरांच्या वाड्यावर लांडग्याबद्दल बोलताना मी जे ऐकले त्यात राग होता, पण ती रागाची भाषा घरातल्या माणसाबद्दल असावी तशी होती. कोकरू गेले तर गेले, त्याचाही वाटा असतो, असे एका म्हाताऱ्या धनगराने मला सांगितले. हे सांगायला त्याला कुणाही निवेदकाची गरज पडलेली नव्हती.

स्पेनमध्ये २०२१ च्या सप्टेंबरमध्ये लांडग्याची शिकार देशभर बंद झाली. मार्च २०२५ मध्ये संसदेने अन्नाची नासाडी रोखण्याच्या एका कायद्यात दुरुस्ती घुसवून दुएरो नदीच्या उत्तरेकडच्या लांडग्यांचे ते संरक्षण काढून घेतले. ही बातमी मला घरमालकीणबाईंनी फोनवर सांगितली. त्या आता चौऱ्याऐंशीच्या आहेत आणि मोठ्या अक्षरांत वर्तमानपत्र वाचतात. त्यांचा पुतण्या गावाकडे मेंढ्या पाळतो. मागच्या वर्षी त्याच्या अकरा मेंढ्या गेल्या आणि भरपाई सहा महिन्यांनी, तीही अर्धीच आली. तो शेजारीच बसला होता. त्याने फोन हातात घेतला आणि मला, एका परक्या बाईला, तावातावाने अकराही मेंढ्यांचा हिशेब सांगितला: कुठली गाभण होती, कुठली पहिलटकरीण होती, कुठली त्याच्या मुलीने बाटलीने दूध पाजून वाढवली होती. कायदा बदलला ते बरेच झाले, असे तो म्हणाला. मी ऐकत राहिले. दहा-बारा मिनिटांत त्याने त्या प्राण्याचे नाव निदान वीस वेळा घेतले असेल, आणि दर वेळी तो ‘लोबो’ म्हणाला, लांडगा. मग त्याने विचारले, तुमच्या बाजूला मेंढपाळ रात्री काय करतात. आणि मी त्याला जाळीची वाघूर, कुत्री आणि रात्रभर जागणारी माणसे यांच्याबद्दल जेवढे ठाऊक होते तेवढे सांगू लागले.